बासूनने हसवायचं

बायको गेल्याचं बासूनवादकाला कळलं तेव्हा तालीम चालू होती. मेहुणा दारात येऊन उभा राहिला. वाजवणं थांबेपर्यंत आत आला नाही. मग जवळ येऊन म्हणाला, "भाऊजी, वाद्य ठेवा."

बासूनवादकाने वाद्य सुटं केलं. फुंकून वाजवायची लांबलचक लाकडी नळी, तुकड्या-तुकड्यांची. प्रत्येक तुकड्यातून कापड ओढून आतली ओल पुसली, तुकडे पेटीत बसवले, कड्या लावल्या. मग निघाला. हॉस्पिटलात आणि नंतर घरी, भरल्या माणसांत, त्याचे डोळे कोरडेच होते. "खंबीर आहे," शेजारी म्हणाले. "दगड आहे दगड," चुलतसासू म्हणाली, त्याला ऐकू जाईल अशी.

मेहुणा म्हणजे बायकोचा धाकटा भाऊ, संगीतकार. नाव मोठं, पण ओळख टवाळखोर म्हणून. त्याच्या लग्नाच्या धूनमध्ये नवरीची बासरी मधेच पळून जायची. त्याच्या लष्करी कवायतीत ढोलाचा पाय चुकायचा. लोक तिकीट काढून यायचे ते हसायलाच. बायको म्हणायची, "हा अंगाईगीत लिहील तर बाळ उठून याच्या कानाखाली वाजवेल." पण लाड तिनेच केले होते.

आजारपणात तो रोज हॉस्पिटलात यायचा. बासूनवादक बायकोला घोटभर पाणी पाजायचा, उशी सारखी करायचा, आणि तोंड धुवायला शेजारच्या न्हाणीघरात जायचा. परत आला की मेहुणा मांडीवरचा कागद उलटा करायचा.

"काय लिहितोस रे?"

"काही नाही. हाताला चाळा."

बायको डोळे मिटून पडलेली असायची. श्वास घेताना तिचा गळा वाजायचा.

ती गेल्यावरही मेहुण्याचं येणं थांबलं नाही. संध्याकाळी यायचा, समोरच्या खुर्चीत बसून राहायचा. बोलायचा नाही. बासूनवादकाला बरं वाटायचं. बाकीचे सांत्वन करून आपापल्या कामाला लागले होते. हा एकटा टिकून होता.

मग मेहुण्याची नवी रचना तालमीला आली. शोकयात्रा. त्यात तुतारी बेसूर होत होती. क्लॅरिनेट नातेवाइकांसारख्या गळा काढत होत्या आणि मधेच कुजबुजत होत्या. ढोल रस्ता चुकून परत येत होता. वादक हसत वाजवत होते. मग सगळे थांबले, आणि बासूनचा एकट्याचा भाग आला.

दोन तोकडे हुंकार. एक अडकलेला. मग एक लांब, चिरकत वर जाणारा, आणि वरच फुटणारा.

व्हायोलिनवाल्या बाईंनी तोंडावर रुमाल धरला. वाद्यवृंदाच्या संचालकांचा हातच खाली आला. "अहो, काय वाजवलंत! आणखी थोडं बावळट करा. एखादं म्हातारं गाढव चिखलात बसलंय, असं."

सगळे खदखदून हसले. बासूनवादक हसला नाही. हा आवाज त्याने ऐकला होता. हॉस्पिटलातच ऐकला होता.

त्याने वाद्य खुर्चीला टेकवलं आणि तो सरळ सभागृहाच्या शेवटच्या रांगेत गेला. मेहुणा तिथे बसला होता.

"बहिणीचा श्वास मोजत बसला होतास तू. तिच्या उशाशी."

"भाऊजी, हळू."

"का? लोकांना कळेल म्हणून? ते गाढव म्हणाले तिला, ऐकलंस ना? तिचा जीव जात होता आणि तू मात्रा मोजत होतास!"

"बसा आधी."

"बसायला नाही आलो. रचना मागे घे. नाहीतर परवाच्या कार्यक्रमात मी उभा राहून सांगेन, हे काय आहे ते. माझी नोकरी गेली तरी चालेल. तिच्यावर कुणी हसलेलं मी चालवून घेणार नाही."

मेहुण्याने चष्मा काढला, पुसला, पुन्हा लावला.

"मागे घेतो. आत्ता जाऊन सांगतो. पण तो श्वास ताईचा नाही."

"मला शिकवू नकोस. महिनोन्‌महिने ऐकलाय मी तो."

"तिचा श्वास एकसारखा होता, भाऊजी. शेवटपर्यंत. खरखर असेल, पण लयीत. तुम्ही ऐकलंत ते तुमचंच."

"माझं काय?"

"तोंड धुवायला जायचात. नळ सोडायचात. तुम्हाला वाटायचं, नळात दबतंय. ती भिंत पत्र्याची होती, ताईच्या उशामागेच. तुम्ही रडायला लागलात की ती बोटाने चादरीवर ताल धरायची आणि मला म्हणायची, लिही लवकर, दोन तोकडे, एक अडकला. हसून हसून तिला ठसका लागायचा. म्हणायची, आयुष्यभर बासून वाजवला या माणसाने, पण इतका सुरात कधी नव्हता."

बासूनवादक खाली बसला. मंचावर कुणीतरी त्याचे दोन हुंकार व्हायोलिनवर वाजवून दाखवत होतं. पुन्हा हशा पिकला.

तो म्हणाला, "माझ्या पानावर शेवट नाही. दोन ओळी कोऱ्या आहेत. छापायच्या राहिल्या का?"

"नाही. त्या ताईने ठेवायला सांगितल्या. म्हणाली, हे त्याचं आधीचं रडणं झालं. खरं मी गेल्यावर. ते त्याच्यासमोर बसून ऐक, आणि मग शेवट लिही."

"म्हणून तू रोज संध्याकाळी..."

मेहुण्याने मान डोलावली.

कार्यक्रम परवा आहे. त्या दोन ओळी अजून कोऱ्याच आहेत.