तीन आठवडे उशिरा

कुराबायाशींनी हेडफोन काढला तेव्हा गाणं संपायला साडेतीन मिनिटं होती, आणि बाहेरची बाई दार ठोठावायची थांबत नव्हती.

बाजारपेठेतल्या त्या एवढ्याशा रेडिओ स्टेशनला समोरून सगळी काचच होती. येणारेजाणारे हात करत, कुणी फर्माइशीचा कागद काचेला लावून दाखवी. पण कार्यक्रम चालू असताना दार ठोठावण्याइतकं अडाणी गावात कुणी नव्हतं. बाईच्या पायांत इस्पितळातल्या हिरव्या सपाता होत्या. भर रस्त्यात, घरात घालायच्या सपाता! पायातलं बदलायचंही भान तिला राहिलं नव्हतं.

"मी तोमिए," ती आत येऊन धापा टाकत म्हणाली. "निवृत्त बेडकाची बायको."

कुराबायाशी उठून उभेच राहिले.

नऊ वर्षं दर शुक्रवारी निवृत्त बेडकाचं पोस्टकार्ड यायचं. रेडिओला पत्र लिहायचं ते टोपणनावानंच, त्यामुळे खरं नाव कुराबायाशींनी कधी विचारलं नव्हतं. स्टेशन फक्त जपानी सनावळीतल्या शोवा पन्नास ते एकोणसाठ, म्हणजे १९७५ ते १९८४, या दहा वर्षांतली गाणी लावायचं. बेडूकराव मागायचे ते एकच गाणं, आणि ते निघालं होतं शोवा साठ उजाडल्यावर तीन आठवड्यांनी. कुराबायाशी दर शुक्रवारी त्यांना भर कार्यक्रमात झाडायचे. "बेडूकराव, याही आठवड्यात डबकं चुकलं तुमचं!" तेवढं ऐकायला समोरचा मासेवाला सुरी खाली ठेवायचा.

परवा चहाच्या दुकानातल्या बाईंनी बातमी आणली होती. त्यांच्या तोंडात कधी तीळ भिजत नाही. बेडूकराव इस्पितळात आहेत, नवीन वर्ष काही बघत नाहीत, आणि डॉक्टरांनी हे फक्त बायकोला सांगितलंय, त्यांना कुणीच काही बोललेलं नाही. दोन दिवस कुराबायाशींना अन्न गोड लागलं नव्हतं. म्हणून आज कार्यक्रम सुरू होतानाच त्यांनी जाहीर करून टाकलं होतं, की शेवटी बेडूकरावांसाठी एक खास भेट आहे. शोवा साठची ती तबकडी त्यांनी काढूनही ठेवली होती.

"भेट म्हणजे ते गाणंच ना?" तोमिएंनी विचारलं.

"हो, वहिनी. नऊ वर्षं छळलं मी त्यांना. आता तरी..."

"नका लावू."

कुराबायाशींनी तबकडीकडे नेलेला हात मागे घेतला.

"तुम्ही भेट म्हणालात आणि यांनी रेडिओ बारीक केला. म्हणाले, तो थेरडा नियम मोडणाऱ्यातला नाही. मग आजच का मोडतोय? तू त्याला काय सांगितलंस?" तोमिएंनी डोळे पुसले. "मी म्हटलं, थट्टा करत असतील. पण माझ्या चेहऱ्यावरची नजर काही काढेनात. शेवटी गरम पाणी आणते म्हणून निघाले ती इथवर पळत आले."

"पण त्यांना ऐकायचंय ना ते गाणं?"

"कसलं ऐकायचंय! घरी आहे की ती रेकॉर्ड, कपाटात. नऊ वर्षांत एकदासुद्धा लावली नाही. मला तर ते गाणं मुळीच आवडत नाही." रडता रडता त्यांना हसू आलं. "यांना तुमचं 'नाही' हवं असतं. शुक्रवारी सकाळीच दाढी करून बसतात, आज काय म्हणतोय बघू म्हणून. आणि तुम्ही नाही म्हणालात, की रात्री पुढचं कार्ड लिहायला घेतात."

कुराबायाशींना भयंकर शरम वाटली. दया दाखवायच्या नादात आपण त्या माणसाच्या हातात डॉक्टरांचा निकाल ठेवायला निघालो होतो, आणि तोही लाउडस्पीकरवरून.

गाण्याचं शेवटचं कडवं सुरू झालं. तोमिए बाहेर जाऊन काचेपाशी उभ्या राहिल्या. कुराबायाशींनी खुर्ची ओढली, पाण्याचा घोट घेतला आणि बटण दाबलं.

"हं, तर आता निवृत्त बेडूकरावांची खास भेट. बेडूकराव, सावरून बसा. आमच्या भिंतीवर स्टेशनचा नियम लावलाय, तो आज तुम्हाला अख्खा वाचून दाखवणार आहे. हीच भेट. शोवा पन्नासच्या पहिल्या दिवसापासून शोवा एकोणसाठच्या शेवटच्या दिवसापर्यंत. साठ नाही. साठचा तिसरा आठवडा तर नाहीच नाही! नऊ वर्षं कानीकपाळी ओरडतोय, डोक्यात शेवाळ साठलंय का तुमच्या?"

बाहेर मासेवाला खो खो हसला. भाजी घेणाऱ्या दोघी जागच्या जागी थांबून हसू लागल्या. कुराबायाशी खोकले आणि तसेच पुढे बोलत राहिले.

"पुढच्या शुक्रवारी कार्ड आलंच पाहिजे. अलीकडे अक्षर बिघडलंय तुमचं, पण ते मी घेईन लावून. कार्ड मात्र चुकवायचं नाही. ज्या शुक्रवारी तुमचं कार्ड येणार नाही ना, बेडूकराव, त्या दिवशी मी ते गाणं लावीन. सांगून ठेवतो."

दारावरच्या कर्ण्यातून ते शब्द बाजारभर गेले. लोक पुन्हा हसले. त्या हसणाऱ्यांच्या मधोमध तोमिए काचेसमोर नमस्काराला कमरेत खोल वाकल्या, आणि पुढचं गाणं लागलं तरी वर आल्या नाहीत.