गीत-संगीत : पारंपरिक

पंच्याऐंशीच्या लग्नसराईत दत्ताराम आणि इसिडोर या जोडीचं गाणं पार्ल्यापासून बोरिवलीपर्यंत प्रत्येक मांडवात वाजत होतं. कॅसेटवर मात्र छापलं होतं, ‘गीत-संगीत : पारंपरिक’. दत्ताराम तणतणत कंपनीत गेला, तर शेट म्हणाला, “रागावता काय? जुनं म्हटलं की खपतं!”

तेव्हापासून दत्ताराम दिसेल त्याला धरून सांगायचा, की गाणं माझं आणि चाल इसिडोरची.

मरोळच्या गावठाणात इसिडोरच्या भाचीचं लग्न निघालं. बायका विहिरीचं पाणी घेऊन वाजतगाजत परतत होत्या, आणि गाणं तेच. दत्तारामने पुढे होऊन इसिडोरच्या आत्यालाच अडवलं.

“सेराफिनाआत्या, हे गाणं मी लिहिलंय. गेल्या मे महिन्यात, आमच्या गॅलरीत बसून!”

आत्या अशी हसली, की डोक्यावरची कळशी हिंदकळली. “जा रे मेल्या! माझी आजी गायची हे. आणि तुमच्या त्या कॅसेटवाल्याने सासूचं कडवंच गाळलंय.”

तिने तिथल्या तिथे ते कडवं रचून म्हटलं. हसून हसून बँडवाल्याला ट्रंपेट फुंकता येईना.

“ऐकलंस? आता तूच सांग हिला!” म्हणत दत्ताराम वळला, तर इसिडोर सिगारेटच्या पाकिटावर ते कडवं उतरवून घेत होता.

“आपल्यापेक्षा झकास आहे रे,” तो हळूच म्हणाला. “पुढच्या कॅसेटला घेऊ. पण नाव कुणाचं घालायचं?”

दत्तारामने आत्याकडे एकदा पाहिलं आणि आवाज खाली आणला.

“पारंपरिक टाक. जुनं म्हटलं की खपतं.”