दाढीचं मशीन

दयानंद लोकर कातरायला देवनहळ्ळीच्या कस्तुराबाईंकडे पहिल्यांदाच आला होता. एरवी कातरायचं मशीन सुरू झालं की मेंढ्या जीव घेऊन कुंपणाकडे पळत. इथं मात्र घरघर ऐकताच सगळ्या त्याच्याभोवती गोळा झाल्या. एक तर चक्क त्याच्या गुडघ्याला डोकं टेकवून उभी राहिली.

त्याच्या मनात पाल चुकचुकली. बाईनं यांना गुंगीचं काहीतरी दिलेलं असणार, आणि उद्या एखादी दगावली तर आळ आपल्यावर यायचा. त्यानं मशीन बंद केलं.

"अक्का, खरं सांगा. काय पाजलंय यांना?"

"काही नाही, अण्णा."

"मग मी हात लावत नाही. या आवाजाला न भिणारी मेंढी मी अजून पाहिलेली नाही."

तो सामान आवरायला लागला, तशा कस्तुराबाई पुढं झाल्या.

"स्वल्प थांबा, अण्णा. आमचे मालक रोज सकाळी इथंच उभं राहून मशीननं दाढी करायचे आणि एका हातानं यांना चारा घालायचे." कस्तुराबाईंनी जवळच्या मेंढीच्या पाठीवरून हात फिरवला.

 

"ते गेले, तशा या चाऱ्याला तोंड लावेनात, म्हणून आता त्यांचं ते मशीन मी रोज नुसतंच चालू करून ठेवते."