गाडी थांबवू नकोस

संकट समोर आलं की वैरीही एकमेकांना बिलगतात, यावर केंद्र सरकारच्या नोकरीत उल्हासचा पक्का विश्वास बसला होता. म्हणून एकमेकांचे केस उपटणारे घरचे दोन ससे टोपलीत घालून, त्यांना जरा घाबरवायला, त्याने सकाळीच दिल्लीतल्या मयूर विहारहून गाडी काढली. "आजही भांडले, तर एकाला शर्माजींकडे देऊन टाकणार," असं बायकोने, अलकाने, बजावलं होतं.

गाडी धावली की ससे बिलगत. सिग्नलला थांबली की पुन्हा चावाचावी.

"बाबा, गुरुग्राम मागे गेलं," टोपली सांभाळत लेक अपूर्वा कुजबुजली. "पण झोपलेत यार. चलते रहो."

दुपारी अलकाचा फोन आला. "जेवायला येताय ना दोघं?"



गाडी जयपूरला पोचली होती.