टोपीतला एकच घेवडा
मेहिटेबलला म्हातारपणीही ती टोपी आठवे. अमेरिकेतून इंग्रज राजा गेला, स्वतःचं राज्य आलं, तरी गावाची मत द्यायची रीत जुनीच: टोपीत होकाराला मक्याचा दाणा, नकाराला घेवड्याचा. तिच्या शेतकरी नवऱ्याला, एलिफलेटला, गावातर्फे राज्याच्या सभेवर पाठवायचं होतं. टोपी उपडी केली. मक्यात एकच घेवडा! सगळे शेजारच्या ओबाडायाकडे वळले. त्याचं नि एलिफलेटचं शेताच्या बांधावरून वाकडं होतं. “माझ्याकडे काय बघता? ह्याची ब्याद टळणार म्हणून मकाच टाकलाय!” हशा पिकला. एलिफलेट उठला. “घेवडा माझा. मी गेलो तर ही एकटी नांगर कसा धरणार?” मेहिटेबलच्या डोळ्यांत पाणी आलं. ओबाडायाने काठी आपटली. “जा रे गाढवा, तुझं शेत माझे बैल नांगरतील.” वसंतात तिने तोच घेवडा बांधावर लावला. पहिल्या शेंगा ओबाडायाकडे नेल्या. “मला घेवडा आवडत नाही,” म्हणत त्याने टोपली आत घेतली.