परतुली

"चार महिने झाले फुलून. आला काय तुझा नितेश?"

गौरवनं कळशी अंगणातल्या कातळावर अशी आदळली की आतली पेज उसळून आईच्या, शालनच्या साडीवर उडाली. शालननं साडी पुसलीसुद्धा नाही. खाली वाकून सांडलेली शितं वेचली आणि परतुलीच्या बुडाशी टाकली.

"नितेशला कशाला मधे आणतंस? त्यानं काय केलान तुझं?"

"काय नाय केलान. बुडाला तरी पहिला पाट त्याचाच, एवढंच."

आई परतुलीकडे वळून शितं मातीत दाबायला लागली. ती अशी झाडाकडे वळली की गौरवचं डोकं जास्तच तापायचं.

परतुली गुडघ्याएवढी वाढली होती. वर एकच फूल, बांगड्याच्या कल्ल्यासारखं लालभडक. चार महिन्यांत एक पाकळी गळाली नव्हती. भोवती आईनं दगडांचा गडगा घातला होता आणि त्यावर बोरीचे काटे. घराची मागची भिंत पडायला आली होती, ती तशीच.

ज्याला समुद्रानं नेलं आणि ज्याचं काहीच हाती लागलं नाही, त्याला परत आणायला परतुली लावतात. कातळात छिन्नीनं हातभर खळगा खणायचा. तळाला त्या माणसाचं अंगावरचं कापड घडी करून ठेवायचं, वर राख आणि तांबडी माती. रोज पेज. दर अमावास्येला पूर्णगडहून आणलेलं समुद्राचं पाणी. एका घरात एकच रुजते, दुसरी लावली तर दोन्ही मरतात. आणि जिच्याकडून माणूस मागायचा, तिच्यासमोर त्याचं नाव घ्यायचं नाही. घेतलं की मूळ ढिलं पडतं.

हे सगळं शेजारच्या तुळसाकाकीनं गौरवला सांगितलं होतं. आई या विषयावर तोंड उघडायची नाही.

थोरला नितेश आणि गौरव, दोघंही भाऊ मिरकरवाडा बंदरातल्या एकाच ट्रॉलरवर खलाशी होते. नववीत शाळा सोडल्यावर नितेशनंच त्याला बोटीवर घेतलं. दिवाळीनंतर बोट उलटली. गौरव पूर्णगडच्या किनाऱ्याला लागला आणि तिथून चालत घरी आला. मधलं त्याला काही आठवत नव्हतं. "असं होतं, पोरा," आई म्हणायची.

एक गोष्ट मात्र पक्की आठवत होती. तो अंगणात शिरला तेव्हा आई परतुलीपाशी बसली होती. तिनं त्याला जवळ घेतलं नाही. आधी त्याचे पाय बघितले. मग तोंड. मग त्याच्या मागं, रिकाम्या पायवाटेवर, कितीतरी वेळ बघत राहिली.

मागून नितेश येतोय का ते बघत होती. दुसरं काय असणार? ते बघणं गौरवच्या मनातून गेलं नव्हतं.

"काय वास सुटलाय गो!" तुळसाकाकी कुंपणापलीकडून म्हणाली. "सुरंगीच फुललीय जणू."

"मला तर काय येत नाय," गौरव म्हणाला.

काकीनं त्याच्याकडे बघितलं, शालनकडे बघितलं, आणि हातातली सुकी लाकडं सावरत म्हणाली, "मासळीत राहून नाक मेलं असेल तुझं."

"काकी, तूच सांग हिला. देवरूखला गॅरेजमधे काम मिळतंय. राहायची सोय हाय. आज गेलो नाय तर दुसऱ्याला घेतील."

"ती सोडीत नाय तर नको जाऊ, बाबा." काकीनं लाकडं कुंपणाला टेकवली. "सदूच्या बायकोचं ऐकलंस ना? दोन वर्षं चांगली नांदली समुद्रातनं परत येऊन. तिची परतुली बकरीनं खाल्लान. भाकऱ्या थापत होती, पिठाचे हात तसेच. मला निघायला पायजे, एवढंच म्हणाली. चप्पलसुद्धा नाय घातलान."

"तुळसा, पुरे," शालन म्हणाली. काकी आत गेली.

गौरवनं पिशवी खांद्याला लावली.

"तू जाऊ नको," आई म्हणाली.

"का?"

"हिला पाणी कोण घालील? माझे गुडघे चालत नायत आता."

बस्स. गौरवसाठी थांब म्हणाली नाही. हिच्यासाठी म्हणाली.

"जो जिता हाय तो दिसत नाय तुला? मी आलो तेव्हा रडली तरी होतीस काय? चार महिने बघतोय, माझ्या ताटाकडे लक्ष नाय, सगळं लक्ष या झाडाकडे! नाय यायचा तो आये. नाय यायचा!"

"मला म्हाईत हाय," आई हळूच म्हणाली.

"मग ही कशाला?"

त्यानं काट्यांतूनच हात घातले. आई उठायला गेली, गुडघ्यांनी दगा दिला, ती तिथंच बसली. गौरवनं बुंधा दोन्ही हातांनी धरला आणि सगळा राग लावून ओढला. कातळात काहीतरी कडकन तुटलं. मूळ वर आलं, मुळानं घट्ट धरलेलं कापडही वर आलं.

नितेशचा निळा टी-शर्ट असणार. तो बघायचाच होता त्याला.

कापड पांढरं होतं. माती झटकली तर खिशावर शाईचा डाग दिसला. कॉलरच्या आत लाल दोऱ्यानं आईनं घातलेली अक्षरं: गौ., नववी ब. शाळा सोडली त्या दिवशी हा शर्ट त्यानंच चुलीजवळ भिरकावला होता.

"गौरव," आई म्हणाली. चार महिन्यांत पहिल्यांदा नावानं.

सुरंगीचा वास आला त्याला. अंगणभर होता. पायांखालचा कातळ ओला झाला होता. पाणी त्याच्याच पँटीतून गळत होतं.

त्यानं खांद्यावरची पिशवी उतरवून पायरीवर ठेवली.

"आये," तो म्हणाला, "मला निघायला पायजे आता."