रविवारचा हुकूम

मनीषा बापाच्या खांद्यावर झोपली होती. कोर्टाच्या व्हरांड्यात, समोरच्या बाकावर बसलेल्या ममताला तिचा फक्त एक पाय दिसत होता. टाचेला चिखल वाळलेला. तो पुसायला ममताचा हात पदराशी गेला आणि तिथंच राहिला.

"न्यायाधीश चिडलेत तुझ्या नवऱ्यावर," वकील सुलभाताई हळूच म्हणाल्या. "दर रविवारी पोरीला नरोलीला तुझ्याकडे आणायचं, असा हुकूम. एकदाही आणली नाही. ही कोर्टाची बेअदबी आहे, आत जाईल. नाहीतर समेट कर. माफी मागायला तयार आहे. आज मिटेल सगळं."

ममतानं नवऱ्याकडे पाहिलं. "काय हो, राखोलीहून नरोली एवढी लांब झाली?"

"लांब कुठली," वाल्मिक म्हणाला. "आमच्या कंपनीची सुट्टी शुक्रवारी. रविवारी खाडा केला तर गेटच बंद. शुक्रवारी आणली होती पोरीला. तुझ्या खोलीला कुलूप."

"शुक्रवारी मी कंपनीत मशीनवर असते. माझी सुट्टी रविवारी."

"माहितीये. तरी आलो."

"शेजारणीला सांगून जायचं."

"कोण आलं होतं म्हणून सांगू?"

ममतानं पोरीच्या टाचेकडे पाहिलं. मग म्हणाली, "रविवारी मीच येते राखोलीला."

"माझी माय उंबरा चढू देणार नाही. तुला काय नवीन आहे?"

बोलण्यानं पोरगी जागी झाली. डोळे चोळत खाली उतरली आणि सरळ आईच्या मांडीवर येऊन बसली. प्रत्येक तारखेला मुलीला हजर करा, असं न्यायाधीशांनीच बजावलं होतं. त्यामुळे तिला हा बाक सवयीचा होता. ममतानं तिची वेणी सोडली. गुंता फार होता. घाई न करता ती एकेक बट सोडवत बसली.

"आये, दुखतंय."

"झालं हं, माझी बाय."

झालं नव्हतं. तेवढ्यात पुकारा झाला.

"समेट झालाय ना?" न्यायाधीशांनी विचारलं. "इथून पुढं रविवारी मुलीला न्यायचं. माफी स्वीकारतो, अर्ज निकाली काढतो."

"निकाली नका काढू, साहेब," ममता म्हणाली. सुलभाताईंनी तिचा दंड दाबला.

"मग? यांना तुरुंगात पाठवू?"

"नाही, नाही. तारीख द्या."

"अहो, समेट झाल्यावर तारीख कशाला?"

"कोर्टाचं बोलावणं असलं की कंपनी सुट्टी देते, साहेब. मलाही देते, यांनाही. एकाच दिवशी."

कोर्टात कुणीतरी हसलं. न्यायाधीश हसले नाहीत. त्यांनी वाल्मिककडे पाहिलं. "तुमचं काय म्हणणं?"

अर्धी वेणी सुटलेली पोरगी बापाचं बोट धरून उभी होती. वाल्मिकनं मोकळा हात जोडल्यासारखा छातीशी नेला.

"जवळची तारीख द्या, साहेब."